तिप्पट वजा सात

समोरच्या सुताराने सहा महिन्यांत आमच्या दुकानात चार शर्ट शिवून घेतले. माणसाला इतके शर्ट लागत नाहीत हे मलाही कळतं, पण तो तोंड उघडेपर्यंत मी तरी काय बोलणार? आज सकाळी त्याने प्लायवूडचा एक तुकडा माझ्या मशीनवर ठेवला आणि पळ काढला. वर पेन्सिलीने लिहिलं होतं, 'उद्या दोन वर्षांसाठी परगावी कामाला चाललोय. आज पाचला चहाला या. मागची गल्ली. घराच्या नंबराची तिप्पट करून सात वजा केले, की नंबर अधिक तेहेतीस होतात.'

सरळ नंबर लिहायला काय धाड भरली होती? पण चूक माझीच. कुठलंही गणित मी चुटकीसरशी सोडवते, ही फुशारकी मीच त्याच्यापुढे मारली होती.

पावणेपाच झाले तरी आत्या माझ्याकडून काजं करून घेत होती. दुकान तिचं, त्यामुळे बोलायची सोय नाही. शेवटी खडू घेऊन टेबलावरच गणित मांडलं. दोन्हीकडून एकेक नंबर काढून टाकला. उरलं दुप्पट वजा सात बरोबर तेहेतीस. सात पलीकडे नेले, दुप्पट झाली चाळीस. म्हणजे वीस! घाईघाईने तळहातावर लिहून ठेवलं, आत्याला काहीतरी थाप मारली आणि धूम ठोकली. हसू आवरेना, श्वास पुरेना, आणि चपला उलटसुलट घातल्यात हे गल्लीत पोचल्यावर कळलं.

तळहात बघत बघत त्या नंबराच्या दारापाशी आले. तो पायरीवर चहाचे दोन कप घेऊन बसला होता. दाराला मात्र कुलूप.

"माझं घर ते," त्याने शेजारचं दार दाखवलं. त्यावर वीस लिहिलं होतं.

मी तळहात पाहिला. बावीस! येईल त्या मापात दोन मिळवूनच लिहायचं, सैल कपडा घट्ट करता येतो, हा आत्याचा धडा दहा वर्षं गिरवलेला. हात आपोआप चालला होता. लाजेने मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग तुम्ही इथे कसे, मी विचारलं.

"तुम्ही शिवलेले चार शर्ट घातलेत," तो म्हणाला. "चारही दोन इंच सैल. म्हटलं, इथेच बसावं."

मग कपाकडे बघत त्याने हळूच विचारलं, दोन वर्षं थांबाल का?

"दोन म्हणताय ना?" मी म्हणाले. "मी चार धरलीत."