नाताळचं ऊन

सांडोरच्या केळीच्या वाडीत एक तुर्की माणूस राहतो, याचं आता गावात कोणाला नवल वाटत नाही. नेजातला सगळे ‘तुर्की जावई’ म्हणतात. तिकडे इस्तंबूलला तो सिनेमाचा नावाजलेला कॅमेरामन होता. प्रकाशयोजना नेजात करणार ना, हे विचारून मगच नट्या सही करायच्या. पण हट्ट असा, की मनासारखा उजेड येईपर्यंत हा गडी अख्खं युनिट ताटकळत ठेवायचा. निर्मात्यांनी काही वर्षं सोसलं. मग मालिकांचा जमाना आला, दिवसभरात ढीगभर सीन उरकायची घाई आली, आणि नेजातला लोकांनी बोलावणंच सोडलं. यानेही कोणाची मनधरणी केली नाही. घाई करणाऱ्यांना चेहरा कळत नाही, म्हणाला आणि घरी बसला.

बायको मॅग्डलीन सांडोरचीच. ती कुवेतला नर्स असताना तिथल्या एका शूटिंगमध्ये क्रेनवरून पडलेला हा पेशंट तिच्या वॉर्डात आला आणि कायमचा तिच्या गळ्यात पडला. त्याचं काम संपल्यावर तीच त्याला माहेरी घेऊन आली.

ईस्टरनंतर तिला कॅन्सर निघाला. पहिल्या केमोच्या आधी, केस शाबूत असताना, ती ठेवणीतली साडी नेसून पडवीत येऊन बसली.

“नेजात, माझा एक फोटो काढ. शवपेटीजवळ लावायला.”

“असलं बोलू नको.”

“बरं, नाही बोलत. तू काढ. जगाच्या बायका सुंदर केल्यास, मला एकदा कर.”

त्याने कॅमेरा डोळ्याला लावला. ऊन डोक्यावर, डोळ्यांखाली खड्डे, आणि गालावर केळीच्या पानांची हिरवी झाक. त्याने कॅमेरा खाली घेतला. “आज नाही. उजेड वाईट आहे.”

पावसाळ्यात म्हणाला, “आभाळ भरलंय, चेहरा पिठासारखा दिसेल. नाताळात ऊन तिरपं येतं, भिंतीवरून परतून चेहऱ्यावर पडतं. तेव्हा काढू.”

“तेव्हा मी असेन का रे?”

तो लेन्स पुसत बसला. फोटो काढला म्हणजे तिचं जाणं कबूल केलं, असं त्याला वाटत होतं. पण हे तिला सांगायला तोंड हवं, आणि त्याच्या तोंडी कायम उजेडच. मॅग्डलीनने साडी कपाटात ठेवली. पुन्हा विचारलं नाही.

सप्टेंबरात ती गेली. तिचा धाकटा भाऊ प्लासिड सकाळीच आला. “भावजी, फोटो द्या लवकर. ग्रुपवर कळवायचंय, फ्रेमही करायचीय.”

कॅमेरामनच्या घरात बायकोचा फोटो नव्हता. होता तो लग्नातला. “हा लावला तर लोक विचारतील, ही पोरगी कोण?” प्लासिड म्हणाला. मोबाइलवरचेही नव्हते. कोणी तिच्यासमोर मोबाइल धरला की ‘असल्या उजेडात नको’ म्हणत नेजात अंगावर जायचा, म्हणून लोकांनी नाद सोडला होता. शेवटी प्लासिडने तिच्या पर्समधून आधार कार्ड काढलं. स्टुडिओवाल्या डिलनने तोच फोटो मोठा करून दिला. कपाळ पांढरंफटक, डोळे दचकलेले, ओठ घट्ट मिटलेले. तो शवपेटीजवळ लागला. पुढे चिनी मातीच्या चकतीवर उतरवून थडग्याच्या क्रुसावरही बसवला.

नोव्हेंबरात, मृतांच्या दिवशी, गाव मेणबत्त्या आणि झेंडू घेऊन दफनभूमीत आलं. ऊन कलत होतं. शेजारच्या थडग्याच्या पांढऱ्या संगमरवरावरून परतून ते मॅग्डलीनच्या क्रुसावर पडलं.

“भावजी, उजेड बघा कसला सुरेख पडलाय,” प्लासिड साधेपणाने म्हणाला. “आता तरी एक फोटो काढा.”

नेजातने पाहिलं. उजेडात खोट काढायला जागा नव्हती. असा उजेड कुठल्याही कलत्या उन्हात एखाद्या पांढऱ्या भिंतीपाशी मिळाला असता, नाताळची वाट बघायची गरजच नव्हती, हे त्याला कळलं. त्या सुंदर उजेडातून मॅग्डलीन दचकल्या डोळ्यांनी बघत होती, त्याच्याकडे नाही, आधार केंद्रातल्या कुठल्या तरी परक्या माणसाकडे. त्या माणसाने निदान तिला ‘इकडे बघा’ म्हटलं होतं.