वरच्या पट्टीचे बाक

चॅपलमध्ये मधल्या बाकांवर बायका, डावीकडे वरच्या पट्टीतले पुरुष, उजवीकडे खर्जवाले. ही रीत इथेल प्रॉसर लंडनच्या संगीत रंगभूमीवर उभा जन्म घालवूनही विसरला नव्हता. कायमचा गावी परतल्यावरचा हा पहिलाच वार्षिक स्तोत्रगायनाचा रविवार. पाय आपसूक डावीकडे वळले.

खरं तर त्याचे वरचे सूर केव्हाच गेले होते. शेवटच्या नाटकात वरचा सूर आला की तो नुसते ओठ हलवायचा. बाकीचे गायक निभावून न्यायचे. गावात हे कुणालाच ठाऊक नव्हतं.

"आलात का राजे?" शाळासोबती टुडवाल सरकून म्हणाला. "आज आम्ही पेपरमिंट चघळत बसतो. तू एकटाच पुरे."

"गप रे. घसा बसलाय जरा."

"तुझा? मग आमचे तर कधीच झोपलेत."

इथेल हसला. समोरच्या व्यासपीठाकडे पाहताना त्याला लहानपणचे पाद्री बेवन आठवले. प्रवचन करता करता त्यांच्या बोलण्याला सूर कधी लागायचा, कळायचंच नाही. वाक्य हळूच चढायचं आणि अख्खं चॅपल श्वास रोखून त्याच्या मागे निघायचं. देव हाक मारतोय असं वाटायचं. संवादातून अलगद गाण्यात शिरायची इथेलची हातोटी लंडनने वाखाणली. ती त्याने इथंच, आईला टेकून बसल्या बसल्या उचलली होती.

गायनाचं संचालन करणाऱ्या त्याच्या चुलतबहिणीने, मॉरफिडने, हात उचलला आणि गाणं सुरू झालं. स्तोत्र शेवटच्या कडव्यावर आलं. मन भरेपर्यंत ते पुन्हा पुन्हा म्हणायचं, ही इथली पद्धत. पहिल्यांदा इथेलने ओठ हलवले. दुसऱ्यांदाही. शेजारी टुडवाल डोळे मिटून, भसाड्या आवाजात का होईना, पण जीव ओतून गात होता.

थिएटरात चाललं. इथं कुणाला फसवणार?

तो उठला. सगळ्यांच्या देखत बायकांच्या बाकांसमोरून खर्जवाल्यांकडे गेला. गाणं थांबलं नाही, पण माना वळल्या. मॉरफिडचा हात क्षणभर अडखळला.

म्हातारा एलिस बाजूला सरकला. "बस. मी तिकडचं बाक सोडून इकडे आलो तेव्हा बायको आठवडाभर बोलली नव्हती."

"मला खालची चाल येत नाही, काका."

"माझ्या आवाजाकडे कान ठेव."

"पुन्हा एकदा," मॉरफिड म्हणाली.

इथेल गायला. दुसऱ्याच ओळीत चुकला, तसं एलिसने कोपराने ढोसलं.