अध्यक्षांची चिठ्ठी

व्याख्यानाचा विषय ठरला होता 'विज्ञान अकादमी चालवणारी रशियन सरदारकन्या'. कसबा पेठेतल्या सभागृहाच्या फळ्यावर मात्र खडूनं ठसठशीत लिहिलं होतं, 'रशियन राण्यांचे रंगमहाल'. हेमा गजभिये यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"अहो, हे कुणी बदललं?"

"मीच," व्याख्यानमालेचे अध्यक्ष रंगराव सबनीस म्हणाले. "अकादमीला कोण येतंय, ताई? रंगमहालाला हॉल भरलाय बघा. तुम्ही तुमचं बोला, थोडं तेही येऊ द्या."

कुणीही तिथूनच माघारी फिरलं असतं. पण नागपूरहून पुण्यात येऊन हेमाताईंनी एकतीस वर्षं एका सरकारी कचेरीत रशियन यंत्रांच्या माहितीपुस्तकांचे अनुवाद केले होते. राबायचं यांनी आणि छापायचं नाव साहेबाचं! निवृत्तीनंतर पाच वर्षं मान मोडून त्यांनी या सरदारकन्येचं, एकातेरिना दाश्कोवाचं, चरित्र जुळवलं. स्वतःच्या नावावर मिळालेला हा पहिला तास होता. तो त्या सोडणार नव्हत्या.

त्या बोलायला उभ्या राहिल्या. एकोणिसाव्या वर्षी सम्राज्ञी कॅथरीनला गादीवर बसवणाऱ्या कटात दाश्कोवा होती. विशीतच विधवा झाली. पुढे विज्ञान अकादमीची प्रमुख झाली, तेव्हा तिनं सामान्य माणसांसाठी रशियन भाषेत फुकट व्याख्यानं सुरू केली. सहा खंडांचा शब्दकोश करायला घेतला आणि काही अक्षरांपासून सुरू होणारे शब्द स्वतः बसून गोळा केले. हॉल कान देऊन ऐकत होता.

पंचविसाव्या मिनिटाला रंगरावांनी टेबलावरून चिठ्ठी सरकवली. व्याख्यानमालेत चिठ्ठी आली की वक्त्यानं ती मुकाट्यानं खिशात घालायची आणि आवरतं घ्यायचं, अशी रीत. भलेभले प्राध्यापकही ती पाळतात.

हेमाताईंनी चिठ्ठी माईकवर वाचली. "'आता राणीच्या प्रियकरांचं घ्या. पाच मिनिटांत आवरा.'"

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. पुढच्या रांगेतल्या बायकांनी वळून पाहिलं, तसं तेही थांबलं.

रंगराव लालबुंद होऊन उठले. "ताई, आपण उगाच मनाला लावून घेताय. अध्यक्षीय समारोपात मी बोलेन ना त्या बाईबद्दल." त्यांनी माईककडे हात केला.

"बसा," हेमाताई म्हणाल्या. आवाज चढला नव्हता. "तिच्याबद्दल तुम्हाला काय माहीत आहे? तिचं पद काढून तिला दूरच्या खेड्यात एका झोपडीत नेऊन टाकलं. त्यासाठी कॅथरीननंतर गादीवर आलेल्या सम्राटाला स्वतःच्या नावानं हुकूम काढावा लागला. तुम्ही मला बिननावाच्या चिठ्ठीवर उठवताय." त्यांनी चिठ्ठी त्यांच्यापुढे ठेवली, वर आपलं पेन ठेवलं. "करा सही. लगेच खाली बसते."

रंगरावांनी पेनाकडे पाहिलं, मग भरलेल्या हॉलकडे. हात काही टेबलावर आला नाही. ते हळूच खुर्चीत टेकले.

हेमाताईंनी भिंतीवरचं घड्याळ पाहिलं. तासातली बत्तीस मिनिटं उरली होती.

"तर," त्या श्रोत्यांकडे वळल्या, "शब्दकोशाचा दुसरा खंड."