पुढच्या दोन दातांतली फट

नारायण पेठेत ज्ञानदेव कवळ्या बनवतात. दातांचे डॉक्टर तोंडाचं माप पाठवतात, ज्ञानदेव मेणात दात लावून बघतात आणि मग पक्के करतात. बायको गेल्यापासून त्यांच्या प्रत्येक कवळीत पुढच्या दोन दातांमध्ये फट राहू लागली. सुशीलाच्या दातांत होती, अगदी तशी.

भाचीच्या लग्नाआधी फट बुजवून द्या, असा तिचा हट्ट होता. ज्ञानदेव म्हणाले, "शोभते तुला." तिने अबोला धरला. म्हणजे ती भिंतीकडे बघून बोलायची, "सांगा त्यांना, आमटी गार होतेय." घरात तिसरं कोणी नव्हतं, पण निरोप वेळेवर पोचायचे. अबोला सुटायच्या आत ती झोपेतच गेली.

परवा मार्केट यार्डातले कांद्याचे व्यापारी सर्जेराव नवी कवळी खिशात घालून आले.

"बसती झकास," ते बोळक्या तोंडाने म्हणाले. "पन घातली की भलतंच बोलती."

"म्हणजे?"

सर्जेरावांनी कवळी घातली, मिशा पुसल्या आणि भिंतीकडे तोंड केलं. "सांगा त्यांना, बनियन उलटा घातलाय."

उलटाच होता.

सर्जेरावांनी कवळी काढली. "काल लिलावात हमालाला इचारलं, अहो, जेवलात का. त्यो रडाय लागला. धंदा कसा करायचा? ती फट बुजवा."

"जरा परत घाला," ज्ञानदेव म्हणाले.

त्यांनी घातली. "सांगा त्यांना, रोज वडापाव खायचा नाही."

"सुशीला, माझ्याशी बोल ना."

सर्जेराव भिंतीकडेच बघत राहिले. पुण्यात अबोला मृत्यूसारख्या किरकोळ कारणाने सुटत नाही. ज्ञानदेवांना हिशेब कळला. फट बुजवायला कबूल झाल्याशिवाय ती त्यांच्याशी बोलणार नाही, आणि बुजवली की कोणाशीच बोलणार नाही.

"बरं," ते म्हणाले. "बुजवतो."

सर्जेराव वळले. कवळी तोंडात असताना पहिल्यांदाच सरळ त्यांच्याकडे बघून म्हणाले, "अहो, मग चष्मा लावून करा."

ज्ञानदेवांनी कवळी मागून घेतली आणि चष्मा लावला. दोन दात सोडवून जवळजवळ बसवेपर्यंत दिवे लागले. सर्जेरावांनी कवळी घालून टाळी वाजवली.

"आता बेस हाय."

"अजून काहीतरी बोला," ज्ञानदेव म्हणाले.

"काय बोलू? कांदा. बटाटा. लसूण."

"अजून."

सर्जेरावांनी त्यांच्याकडे बघितलं, स्टूल ओढून बसले आणि सावकाश सांगू लागले. "आलं. मिरची. कोथिंबीर. गवार."