सिनेटरच्या बायकोचा आवाज

कोलशेतच्या कोळीवाड्यातली मेघाली ठाण्याच्या एका स्टुडिओत डबिंग करायची. त्या वर्षी प्राचीन रोमवरची एक मालिका मराठीत येत होती. मेघाली सिनेटरच्या बायकोचा आवाज, आणि कल्याणचा रत्नदीप तिच्या प्रेमात पडलेल्या ग्लॅडिएटरचा. लोकांच्या करमणुकीसाठी रिंगणात लढणारा गुलाम तो. एरवी प्रत्येकाचं रेकॉर्डिंग वेगळं होई; पण स्नानगृहातल्या प्रसंगात दोघांची कुजबुज एकमेकांत मिसळत होती, म्हणून दिग्दर्शक साकेतने त्यांना एकाच माइकसमोर उभं केलं.

पडद्यावर वाफ होती, ओले खांदे होते. चुंबनाचा आवाज दोघं आपापल्या मनगटावर ओठ टेकवून काढत होते, तरी मेघालीचे कान तापले. रत्नदीपचा श्वास तिच्या गालापर्यंत येत होता.

"तुझ्या मानेवरचं पाणी मला ओठांनी टिपू दे," तो म्हणाला, "मेघाली."

"अरे, नाव चुकलं!" साकेत काचेपलीकडून ओरडला. सगळे हसले. मेघालीही हसली, जरा जास्तच.

सुट्टीत जिन्यावर रत्नदीप म्हणाला, "नाव चुकलं नव्हतं गं."

तिला ते कळलेलं. तिलाही तो हवा होता. पण रत्नदीप बौद्ध होता, आणि बौद्ध मुलाशी लग्न केलं म्हणून आईने मामेबहिणीला दारातही उभं केलं नव्हतं. ते आठवून ती घाबरली आणि पटकन बोलून गेली, "गुलामाने जरा बेताने बोलावं हं!"

रत्नदीप वळला. "चल, पुढचा सीन आहे," एवढंच म्हणाला.

त्याने काम चोख पूर्ण केलं. दुसऱ्या सीझनला मात्र आला नाही. तो नाशिकला गेल्याचं कळलं, मग लग्न झाल्याचंही. शेवटी एका दुपारी मेघालीने फोन केला.

"त्या दिवशी मी जे बोलले..."

"सोड ना. मस्करी होती."

"नव्हती. मी घाबरलेले. मला तू आवडायचास."

"हे तेव्हा सांगितलं असतंस, तर तुझ्या आईसमोर येऊन बसलो असतो. पण तो शब्द लागला गं. आमच्या घरात तो मस्करीतसुद्धा कोणी वापरत नाही." मागून बायकोने त्याला हाक मारली. "ठेवतो," तो हळूच म्हणाला.

मेघाली बूथमध्ये शिरली. हेडफोनमध्ये ग्लॅडिएटरचा नवा आवाज होता. चांगला होता.

"जरा प्रेमाने, मेघाली," साकेत म्हणाला.

तिने पुन्हा पुन्हा करून पाहिलं. मग हेडफोन काढला. "आज नाही रे होत. उद्या करू."