तीनशे बारा नंबरची कॅसेट

"आई, कुठे ठेवलीस ते सांग ना! कंबर गेली माझी!"

विश्वास दिवाणाखाली अर्धा शिरून ट्रंक ओढत होता. वैजयंतीबाई कल्पनाला पोहे वाढत होत्या, आणि मुद्दाम सावकाश वाढत होत्या. ही मुंबईची पोरगी पुस्तक करत होती, कोणत्या शहरात हिंदी रॅप पहिल्यांदा कुणी केलं यावर. रॅप म्हणजे गायचं सोडून तालावर भडाभडा बोलायचं, हे वैजयंतीबाईंना पंचवीस वर्षांपूर्वीच कळलं होतं. तेवढं त्यांना पुरे होतं.

"काकू, श्याम दुबे म्हणतात, इथली पहिली कॅसेट त्यांची, दोन हजार एकची," कल्पना म्हणाली. "विश्वासदादांची अठ्ठ्याण्णवची ऐकायला मिळाली, तर पहिलं नाव त्यांचं. नुसत्या सांगण्यावर नाही छापता येत हो."

"श्याम? आमचीच भजी खाऊन ताल शिकला मेला. आता मोठा शहाणा झालाय!"

ती कॅसेट पिपलानीला, कारखान्याच्या वसाहतीतल्या क्वार्टरमध्ये झाली होती. वडिलांच्या डब्याच्या पिशवीत टेपरेकॉर्डर लपवून विश्वासने कारखान्यातल्या पत्रा ठोकणाऱ्या प्रेसचा दणका भरून आणला, दोन टेप एकमेकांना जोडून त्याचा ताल बांधला. मग शेजारच्या बरखेड्याला मंडळाच्या गणपतीत, भर स्टेजवर, तो ओरडला, "क्वार्टर नंबर तीन सौ बारा, बाप घिस गया, मैं आवारा!" मागच्या पोरांनी शिट्ट्या मारल्या. पुढच्या रांगेत साहेबलोकांशेजारी बसलेल्या गजाननरावांनी, तीस वर्षं फिटरकी केलेल्या त्याच्या वडिलांनी, मान खाली घातली. ती आरतीपर्यंत वर केली नाही.

विश्वास मुंबईला गेला. तीन वर्षांनी परत आला तो लग्नांत स्पीकर लावायला. कॅसेटचं नाव त्याने कधी काढलं नाही. वैजयंतीबाईंनीही नाही. वडील गेले, क्वार्टर सुटलं, आनंद नगरच्या दोन खोल्यांत ट्रंक आली.

"मिल गई!" विश्वास बाहेर आला. केसांना जाळी लागलेली, पण चेहरा बावीस वर्षांच्या पोराचा. "याचे कान, हे मागचे प्लास्टिकचे तुकडे, मी स्वतः मोडले होते, कल्पना. कान मोडले की वर दुसरं काही भरता येत नाही. एकदम सेफ."

बोलता बोलता त्याने कॅसेट उलटी केली. कान मोडलेल्या दोन्ही भोकांत कागदाचे बोळे घट्ट बसवलेले होते, म्हणजे कुणीतरी ती पुन्हा भरली होती.

"हे कुणी केलं?"

"मी," वैजयंतीबाई म्हणाल्या. "आमच्या भजनी मंडळाला इंदूरच्या स्पर्धेला कॅसेट पाठवायची होती."

"घरात कोरी नव्हती?"

"होत्या. दोन."

विश्वासने तरीही कॅसेट डेकमध्ये घातली. टाळ वाजले. मग अकरा बायका, आणि सगळ्यांच्या वर वैजयंतीबाईंचा चढा सूर.

कल्पनाने वही मिटली नाही, पण पेनाचं टोपण लावलं. "कुणाकडे प्रत असेल ना, दादा?"

"चाळीस काढल्या होत्या. लोकांनी त्यांच्यावर पिक्चरची गाणी भरली." तो हसल्यासारखं करून म्हणाला, "श्याम का नाम लिख दो, यार. त्याने जपून तरी ठेवली."

"काय लिख दो?" वैजयंतीबाई कडाडल्या. "मी सांगते ना, मी ऐकलंय! मंडळातल्या कुणालाही विचार. सुशीलाला विचार, त्या गणपतीत ती पहिल्या रांगेत होती!"

"काकू, तसं नाही चालत," कल्पना हळू म्हणाली. पोह्यांची बशी तिने स्वतः मोरीपाशी नेऊन ठेवली, वैजयंतीबाईंना वाकून नमस्कार केला आणि गेली.

विश्वासने डेक बंद केला नाही. भिंतीला टेकून तो डोळे मिटून भजन ऐकत राहिला.

"माईक फार जवळ धरलास, आई," तो म्हणाला. "आवाज फाटतोय." त्याने एक बटण केसभर फिरवलं. टाळ मागे सरले. वैजयंतीबाईंचा आवाज स्वच्छ झाला, इतका गोड त्यांनी स्वतःही कधी ऐकला नव्हता.

बाजू संपली. खट् झालं. विश्वासने कॅसेट काढली, बाहीने पुसली, उलटून पुन्हा आत घातली आणि डेकला कान लावून बसला.

तीही बाजू भरलेली आहे, हे सांगायला वैजयंतीबाईंचं तोंड उघडेना.