आसुंताचे आकडे

वीस वर्षांत एर्सिलियानं एकेचाळीस सिनेमांतल्या माणसांना बोलतं केलं होतं, आणि पडद्यावर तिचं नाव एकदाही आलं नव्हतं. रोममध्ये तेव्हा शूटिंगच्या वेळी आवाज घेतच नसत. संवाद ठरले नसतील तर नट खुशाल आकडे म्हणत, आणि त्या हलत्या ओठांवर बसतील असे शब्द मागाहून एर्सिलिया लिहायची. दिग्दर्शकांना बक्षिसं मिळत, हिला नाताळात केक. या खेपेला मात्र तिनं दिग्दर्शक ब्रुस्किनीसाहेबांना ठणकावलं होतं, "शेवटचा प्रसंग जमवला तर पडद्यावर माझं नाव. नाहीतर शोधा दुसरी."

ब्रुस्किनी हसत हो म्हणाला होता. प्रसंग असा, की एक म्हातारी लेकाच्या रिकाम्या खुर्चीसमोर बसून बोलते. म्हातारी नटी नव्हे, नेपल्सच्या बाजारातली मासळीवाली आसुंता. तिला सांगितलं होतं, मनाला येतील ते आकडे म्हण.

"हे घ्या संवाद," ब्रुस्किनीनं कागद पुढे केला. "'पोकळी! माझ्या पिढीची भीषण पोकळी...'"

"नाही बसत."

"बसवा! त्याचाच तर पगार घेता."

"साहेब, तुमच्या पोकळीत पावलोपावली ओठ मिटतात. हिचे एकदाही मिटत नाहीत."

एर्सिलियानं तो तुकडा सात वेळा फिरवायला लावला. आठव्यांदा तिला त्या ओठांवरचे आकडे वाचता आले, इटालियनमध्ये एकातही ओठ न मिटणारे, आणि ते मोठ्यानं म्हणताना तिच्या अंगावर काटा आला. नव्वद. अठ्ठेचाळीस. बावन्न. पासष्ट. पन्नास.

"एक-दोन-तीन सोडून हे काय भलतंच?" ब्रुस्किनी म्हणाला.

"मीही नेपल्सचीच. आकडे म्हण म्हटलं की आमची बाई लॉटरीचेच म्हणणार. स्वप्नात जे दिसेल त्याला आमच्याकडे आकडा असतो. नव्वद म्हणजे भीती. अठ्ठेचाळीस, बोलणारा मेलेला माणूस. बावन्न आई, पासष्ट रडणं, पन्नास पाव."

"योगायोग आहे झालं. आणि माझी पोकळी?"

"ती मुलाखतीत वापरा. मला आसुंता आणून द्या, आवाजही तिचाच घेऊ."

चिडला खरा, पण दुसरा संवाद त्याच्याकडेही नव्हता. चौथ्या दिवशी आसुंता आली. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून एर्सिलियानं लिहिलेली ओळ तिच्या कानात सांगितली.

म्हातारीनं तिचं मनगट घट्ट धरलं. "हे तुला कुणी सांगितलं गं? माझा लेक सबातो बुडाल्यावर स्वप्नात येऊन अस्संच बोलला होता मेला! त्या शनिवारी लॉटरीत हेच आकडे लावणार होते मी, तर या लोकांनी गाडीत घालून शूटिंगला नेलं."

"मावशी, तुम्हीच सांगितलंत. आता तसंच बोला."

आवाज घ्यायला सुरुवात झाल्याचा लाल दिवा लागला. आसुंता पडद्यावरच्या स्वतःकडे बघत बोलली, "जीव धास्तावतो. गेलेला लेक सांगतो, आई, रडू नको, घास दे."

एकाच झटक्यात अक्षर न् अक्षर ओठांवर बसलं. आवाज घेणारा डोळे पुसत बसला. एर्सिलियाचेही भरून आले, आणि तिनं ते लपवले नाहीत.

ब्रुस्किनीनंही नाक शिंकरलं, पण त्याची खोड काही जाईना. "म्हणजे शब्द हिचेच निघाले की! तुम्ही काय केलंत बाई? तुमचं नाव कशाखाली घालू?"

"शब्दांखाली आसुंताचं घाला," एर्सिलिया म्हणाली. "शूटिंगला ती बोलली तेव्हा तुमच्यासकट चाळीस माणसं समोर उभी होती. माझ्या नावाआधी लिहा, 'ऐकलं'."